विनामोबदला

त्या दस्तावर तिचा फोटो आहे, हसताना.
दुय्यम निबंधक कार्यालय, गंगाखेड.
कॅमेऱ्यामागचा पोरगा म्हणाला, मावशी, इकडं बघा,
आणि केवळाबाई डांगे, वय एकाहत्तर,
सरकारी दवाखान्यातली निवृत्त आया,
पदरानं तोंड पुसून हसली.

मसुदा माझा.
तहसीलच्या आवारात, स्टँपवाल्याच्या टपरीला लागून
माझं टेबल, एक पाय विटेवर.
बत्तीस वर्षांत बक्षीसपत्रं किती लिहिली, मोजली नाहीत.
शब्द ठरलेले असतात :
नैसर्गिक प्रेम व जिव्हाळ्यापोटी, विनामोबदला,
राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय.
हात आपोआप चालतो.
चहा निवत असतो.

चतुःसीमा तिनंच सांगितल्या.
पूर्वेस रस्ता. पश्चिमेस खाजाभाई मनियार.
दक्षिणेस नाली.
उत्तरेला? म्हणाली, लिंब.
झाड सीमेत लिहीत नाहीत, मी म्हणालो.
मंग काय लिवता, तिकडं दुसरं हायेच काय?
लिहिलं : उत्तरेस लिंब.

एक ओळ राहिली.
लिहून घेणार हे लिहून देणार यांचा तहहयात सांभाळ करतील.
विचारलं होतं मी, खोटं कशाला बोलू.
भाचा बाजूलाच उभा होता, विश्वंभर,
हातात तिच्या औषधांची पिशवी.
ती म्हणाली, आवो, मपलं लेकरू हाय ते,
लेकराकून कुणी लिवून घेतं का?
मपलं ते तुपलं, टाका तेवढंच.

कायद्यात मपलं-तुपलं बसत नाही,
म्हणून मी टाकलं : बिनशर्त.

आता ती खाजाभाईंच्या ओसरीत झोपते,
पश्चिमेच्या सीमेपलीकडं.
लिंब गेल्या उन्हाळ्यात पाडला.
उत्तरेस मोबाईलचं दुकान, निळं शटर,
भाडं विश्वंभरच्या खात्यावर.

प्रांतसाहेबांनी दस्त दोनदा चाळला.
सांभाळायची अट कुठाय, म्हणाले, दाखवा.
मी खिडकीबाहेर बघत होतो.
समोरच्या वकिलानं फोटोचं पान पुढं सरकवलं :
बघा साहेब, हसतायत.

उरलं दिवाणी कोर्ट.
कदम वकील म्हणाले, नोंदलेलं बक्षीस
मनात आलं म्हणून फिरत नाही, बाई.
फसवणूक म्हणा. मोतीबिंदू होता म्हणा.
कागद वाचूनच दाखवला नाही म्हणा.
(हे म्हणताना त्यांनी माझ्याकडं बघितलं नाही.)
तपशील उतरवून आणा तेवढा.

आलो टेबलावर. कार्बन घातला.
वादी असे कथन करते की

न्हाई, ती म्हणाली.
फसिवलं असं कसं लिवता?
वाचून दाखिवलं की तुमी, दोन डाव.
त्या दिशी मन भरून आलतं मपलं.
आज त्यो वंगाळ निगाला
म्हून त्या दिवसाला खोटं पाडू?

मी म्हणालो, घर जाईल.
म्हणाली, गेलंच की.

बराच वेळ कोणी काही बोललं नाही.
टपरीवर कोणीतरी शंभराचा स्टँप मागत होतं,
संपलाय, उद्या या.

शेवटी पोटगीचा अर्ज लिहिला, साधा, दीड पान.
विश्वंभरपुढं 'भाचा' लिहू की 'गैरअर्जदार', विचारलं.
दोनी लिवा, म्हणाली.
आंगठा दिला, शाई डोक्याच्या केसांना पुसली,
पदराची गाठ सोडून वीस रुपये ठेवले.

राहू द्या, केवळाबाई.

काई फुकट देऊ नगा कुणाला, ती म्हणाली,
मागून परत मागता येत न्हाई.
आन पावती द्या.

बत्तीस वर्षांत वीस रुपयांची पावती
कोणी मागितली नव्हती.
अर्जाच्या उरलेल्या अर्ध्या पानावर लिहिलं :
केवळाबाई डांगे यांजकडून रुपये वीस,
मोबदला पावला.
खाली सही केली, तारीख घातली.

वाचा, म्हणाली.
वाचून दाखवली.
दोन डाव.